आणेवारी ते पैसेवारी : सोलापूर जिल्ह्याच्या संदर्भात पीकमापनातील शतमान पद्धतीचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

सोलापूर जिल्हा महाराष्ट्राच्या पर्जन्यछायेच्या प्रदेशात मोडतो. भीमा, सीना व माण या नद्या जिल्ह्यातून वाहत असल्या तरी येथील बहुसंख्य शेतकऱ्यांचे जीवन पावसावरच अवलंबून राहिले आहे. जिल्ह्याचे वार्षिक पर्जन्यमान सरासरीने पाचशे ते सहाशे मिलिमीटरच्या दरम्यान असून तेही अनियमित असते. त्यामुळे दुष्काळ ही या जिल्ह्याच्या इतिहासातील वारंवार घडणारी घटना आहे. मंगळवेढ्याचे दामाजीपंत यांनी बहामनी राजवटीत दुष्काळाच्या प्रसंगी सरकारी धान्याची कोठारे रयतेसाठी खुली केली, ही कथा महाराष्ट्राच्या लोकस्मृतीत आजही जिवंत आहे. त्या कथेत दुष्काळ पडला आहे हे ठरविण्यासाठी डोळ्यांपुढील उपासमार पुरेशी होती. आधुनिक प्रशासनात मात्र तो निर्णय एका आकड्यावर सोपविण्यात आला. हा आकडा प्रथम आण्यांत सांगितला जात असे आणि पुढे तो पैशांत सांगितला जाऊ लागला. व्यवहारात त्यास अनुक्रमे ‘आणेवारी’ व ‘पैसेवारी’ असे म्हणतात.

पैसेवारी म्हणजे वस्तुतः टक्केवारीच होय. प्रत्यक्ष उत्पन्नास प्रमाण उत्पन्नाने भागले असता जो दशांश अपूर्णांक मिळतो, त्यास शंभराने गुणून ती काढली जाते. निरनिराळ्या जमिनींची, निरनिराळ्या पिकांची व निरनिराळ्या वर्षांची तुलना करता यावी हा तिचा हेतू आहे. प्रस्तुत शोधनिबंधात या पद्धतीची ऐतिहासिक वाटचाल सोलापूर जिल्ह्याच्या संदर्भात तपासण्याचा प्रयत्न केला आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे

१) आणेवारी पद्धतीची पार्श्वभूमी समजून घेणे.
२) आण्यांकडून पैशांकडे झालेल्या स्थित्यंतराचे स्वरूप तपासणे.
३) टक्केवारीच्या साहाय्याने होणारी तुलना कोणत्या अटींवर न्याय्य ठरते, याचा शोध घेणे.

गृहीतक

मोजमापाची भाषा आण्यांतून पैशांत बदलली, तरी ‘पूर्ण पीक’ कशास म्हणावे हा मूळ प्रश्न कायम राहिला व शेतकऱ्याचे हित मुख्यत्वे त्या प्रश्नाच्या उत्तरावरच अवलंबून राहिले, असे येथे गृहीत धरले आहे.

अपूर्णांकांची देशी परंपरा

मराठी मुलुखात अपूर्णांकांचा व्यवहार जुना आहे. पूर्वीच्या शाळांतून पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी व अउटकी हे पाढे मुखोद्गत करून घेतले जात. रुपयाचे सोळा आणे व आण्याचे बारा पै हा हिशेब घरोघरी परिचित होता. एकत्र मालकीच्या जमिनीतील हिश्शेसुद्धा आण्यांत सांगितले जात. चार आणे हिस्सा म्हणजे पाव वाटा, हे कोणास समजावून द्यावे लागत नसे. त्याच वेळी शंभराच्या प्रमाणात विचार करण्याची रीतही अपरिचित नव्हती. सावकारी कर्जाचे व्याज ‘दरमहा दर शेकडा’ या हिशेबाने ठरत असे. म्हणजेच शतमानाची कल्पना इंग्रजी अमलाबरोबर नव्याने आली असे म्हणता येत नाही.

सोळा या संख्येची एक सोय येथे लक्षात घेणे आवश्यक आहे. सोळाचे चार वेळा निम्मे करता येते : आठ, चार, दोन व एक. शंभराचे मात्र दोनदाच निम्मे करता येते आणि पंचवीसनंतर अपूर्णांक येतो. नजरेने अंदाज करणारा मनुष्य स्वाभाविकपणे निम्मे, पाव, अर्धपाव अशाच क्रमाने विचार करतो. बांधावर उभे राहून ‘पीक सहा आणे आहे’ असे म्हणणे त्यास सोपे जाते. ‘सदतीस टक्के आहे’ असे म्हणण्यासाठी मात्र मोजणी करावी लागते. यावरून आणेवारी ही मूलतः अंदाजाची व टक्केवारी ही मोजणीची भाषा होती, असे दिसून येते.

जमीनपाहणी आणि सोळा आण्यांची प्रतवारी

इ. स. १८१८ मध्ये पेशवाईचा अस्त झाल्यानंतर दख्खनमध्ये जमीनमहसुलाची नवी व्यवस्था उभी राहिली. प्रिंगल या अधिकाऱ्याने केलेल्या आरंभीच्या पाहणीत निव्वळ उत्पन्नाच्या ५५ टक्के हिस्सा सरकारचा मानण्यात आला होता. टक्केवारी नेमकी होती. परंतु ज्या निव्वळ उत्पन्नावर ती लावावयाची ते उत्पन्नच विश्वसनीय रीतीने काढता आले नाही. परिणामी आकारणी जड झाली व ती व्यवस्था सोडून द्यावी लागली. आधार चुकीचा असेल तर नेमकी टक्केवारीही अन्यायकारक ठरते, याचे हे या प्रदेशातील आरंभीचे उदाहरण म्हणता येईल.

इ. स. १८३६ मध्ये सोलापूर जिल्ह्यास लागून असलेल्या इंदापूर तालुक्यापासून गोल्डस्मिड व विंगेट यांच्या नव्या पाहणीस प्रारंभ झाला. तिची तत्त्वे १८४७ च्या संयुक्त अहवालात निश्चित झाली. या पद्धतीत जमिनीच्या नऊ प्रती ठरविण्यात आल्या व प्रत्येक प्रतीचे सापेक्ष मूल्य आण्यांत देण्यात आले. पहिली प्रत सोळा आणे, त्यानंतर अनुक्रमे चौदा, बारा, दहा, आठ, सहा, साडेचार, तीन व शेवटची दोन आणे. आजच्या भाषेत सांगावयाचे तर पहिल्या प्रतीस १ मानल्यास दुसरी ०.८७५ म्हणजे ८७.५ टक्के, सातवी ०.२८१२५ म्हणजे सुमारे २८ टक्के व नववी ०.१२५ म्हणजे १२.५ टक्के ठरते. काळी, तांबडी व बरड अशा भिन्न स्वरूपाच्या जमिनी एकाच मापावर आणून त्यांची तुलना करण्याचा हा प्रयत्न होता. मात्र ही तुलना जमिनीच्या सामर्थ्याची होती. त्या वर्षीच्या पिकाचे माप घेण्याचा प्रश्न पुढे दुष्काळांनी उपस्थित केला.

दुष्काळ, महसूल आणि चार आण्यांची रेषा

इ. स. १८७६ ते १८७८ च्या दुष्काळात सोलापूर जिल्ह्याची मोठी हानी झाली. १८७२ च्या तुलनेत १८८१ च्या जनगणनेत जिल्ह्याची लोकसंख्या घटलेली आढळली. शहराजवळचा एकरूख तलाव १८७१ मध्ये पूर्ण झाला असला तरी जिल्ह्याच्या विस्तारापुढे त्याचे क्षेत्र मर्यादितच होते. या काळात पुण्याच्या सार्वजनिक सभेने गावोगावची माहिती संकलित करून सरकारपुढे मांडली. १८८० च्या दुष्काळ आयोगाच्या शिफारशींनंतर १८८३ मध्ये दुष्काळ संहितेचा मसुदा तयार झाला. १८९६-९७ च्या दुष्काळात शेतकऱ्यांना नियमांनी मिळणाऱ्या सवलतींची माहिती करून देण्याचे कार्य लोकमान्य टिळकांनी ‘केसरी’तून व सार्वजनिक सभेच्या द्वारे केले. १८९७ मध्ये सरकारने सभेची मान्यता काढून घेतली, यावरून हा प्रश्न किती नाजूक होता हे लक्षात येते.

महसुलाच्या तहकुबीचा नियम पिकाच्या आणेवारीशी जोडलेला होता. पीक चार आणे वा त्याहून कमी असल्यास त्या वर्षीचा संपूर्ण सारा तहकूब व्हावा व चार ते सहा आण्यांच्या दरम्यान असल्यास निम्मा सारा तहकूब व्हावा, असे त्याचे स्थूल स्वरूप होते. दशांशात मांडल्यास या रेषा ०.२५ व ०.३७५ अशा होतात. एका आण्याचा फरक म्हणजे सव्वासहा टक्के. नजरेच्या अंदाजात एवढा फरक सहज पडू शकतो. परंतु त्या फरकावर कुटुंबाची बैलजोडी राहणार की विकली जाणार, हे ठरत असे.

या वादाचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण सोलापूरप्रमाणेच मुंबई इलाख्यात असलेल्या गुजरातमधील खेडा जिल्ह्यात १९१८ मध्ये घडले. अतिवृष्टीने पीक बुडाल्यानंतर ते चार आण्यांहून कमी असल्याचे शेतकऱ्यांचे म्हणणे होते, तर ते त्याहून अधिक असल्याचे सरकारी अधिकाऱ्यांचे म्हणणे होते. भारत सेवक समाजाचे गो. कृ. देवधर, ना. म. जोशी व अमृतलाल ठक्कर यांनी तेथे चौकशी केली. पुढे महात्मा गांधींच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह झाला. भारतीय स्वातंत्र्यलढ्यातील एका महत्त्वपूर्ण सत्याग्रहाच्या मुळाशी एका अपूर्णांकाचे मूल्य काय, हा वाद होता, ही बाब इतिहासाच्या अभ्यासकांनी विशेष लक्षात घेण्याजोगी आहे.

‘सोळा आणे पीक’ म्हणजे काय ?

आणेवारीचा कळीचा दोष अंदाजात जितका होता तितकाच तिच्या आधारातही होता. सोळा आणे पीक म्हणजे उत्कृष्ट वर्षाचे पीक की सर्वसाधारण वर्षाचे, याविषयी एकवाक्यता नव्हती. ब्रिटिश हिंदुस्थानातील काही प्रांतांत सर्वसाधारण पीक सोळा आणे मानले जाई, तर काही प्रांतांत ते बारा आणे मानले जाई. समजा, दोन प्रांतांतून ‘नऊ आणे पीक’ असाच अहवाल आला. सोळा आणे हे सर्वसाधारण पीक मानल्यास ९ भागिले १६ म्हणजे ०.५६२५, अर्थात सुमारे ५६ टक्के पीक झाले. बारा आणे हे सर्वसाधारण मानल्यास ९ भागिले १२ म्हणजे ०.७५, अर्थात ७५ टक्के पीक झाले. शब्द तोच असूनही अर्थ मात्र निराळा होतो. अंशाखालील छेद सांगितल्याशिवाय अपूर्णांकांची तुलना करता येत नाही, हा शालेय गणितातील नियम प्रशासनाच्या व्यवहारात अशा रीतीने दुर्लक्षित राहिला.

अंदाजाऐवजी प्रत्यक्ष मोजणी करण्याच्या दिशेने १९२० च्या दशकात बिहार-ओरिसात हबक यांनी भाताच्या पीककापणीचे प्रयोग केले. १९४० च्या दशकात सातारा जिल्ह्यातील बुध या गावी जन्मलेले डॉ. पां. वा. सुखात्मे व डॉ. वि. गो. पानसे या दोन मराठी संख्याशास्त्रज्ञांनी यादृच्छिक नमुना पद्धतीने पीककापणीचे शास्त्र देशपातळीवर विकसित केले. शेताची निवड अधिकाऱ्याच्या मर्जीवर न ठेवता ती यादृच्छिक पद्धतीने करावी, हे त्याचे मूलतत्त्व होय.

दशमान चलन आणि पैसेवारी

इ. स. १९५५ मध्ये नाणेविषयक कायद्यात दुरुस्ती होऊन १ एप्रिल १९५७ पासून भारतात दशमान चलन अमलात आले. रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. १ जून १९६४ पासून ‘नवा’ हा शब्द गळून केवळ ‘पैसा’ राहिला. एक आणा म्हणजे ६.२५ नवे पैसे. परंतु पाव पैशाचे नाणे नसल्याने रूपांतराच्या तक्त्यात एक आणा ६, दोन आणे १२, तीन आणे १९ व चार आणे २५ नवे पैसे धरले गेले. सहा आण्यांचे खरे मूल्य ३७.५ असताना तक्त्यात ते ३७ झाले. व्यापारात अर्ध्या पैशाची ही तफावत क्षुल्लक होती. परंतु एखादी सीमारेषा ठरवावयाची असेल तर पूर्णांक करण्याचा नियमही महत्त्वाचा ठरतो, हे त्यावरून ध्यानात येते.

चलनाबरोबर पीकमापनाची भाषाही बदलली व आणेवारीची पैसेवारी झाली. पुढील काळात महाराष्ट्रात ५० पैशांपेक्षा कमी पैसेवारी ही टंचाईसदृश परिस्थितीची खूण मानण्यात आली. पूर्वीच्या भाषेत ही रेषा आठ आण्यांची होते. म्हणजे हा बदल केवळ गणिती रूपांतराचा नव्हता. सहा आण्यांची रेषा आठ आण्यांवर जाणे हा धोरणाचा भाग होता व तो शेतकऱ्यास तुलनेने अनुकूल होता. पैसेवारी ५० च्या खाली गेल्यास जमीनमहसुलात सूट, सहकारी कर्जाचे पुनर्गठन, शेतीशी निगडित कर्जवसुलीस स्थगिती, कृषिपंपाच्या चालू वीजबिलात ३३.५ टक्के सूट व विद्यार्थ्यांच्या परीक्षा शुल्कात माफी अशा सवलती दिल्या जातात.

वजनमापांच्या दशमानीकरणाने मोजणीही सुलभ झाली. दहा मीटर लांब व दहा मीटर रुंद भूखंड हा हेक्टरचा शंभरावा भाग, म्हणजे एक आर होय. अशा भूखंडातून जितके किलोग्रॅम धान्य निघते तितकेच क्विंटल हेक्टरी उत्पन्न ठरते. तरीही जुन्या-नव्या मापांच्या संक्रमणात दक्षता आवश्यक होती. एक एकर वीस गुंठे म्हणजे दीड एकर, कारण एकराचे गुंठे चाळीस. एक हेक्टर वीस आर मात्र १.२० हेक्टर. दोन्ही ठिकाणी ‘एक-वीस’ असेच म्हटले जात असले तरी छेद वेगळे आहेत.

सोलापूरचा रब्बी हंगाम

खरिपाची पैसेवारी नजरअंदाज, सुधारित व अंतिम अशा टप्प्यांनी जाहीर होते आणि अंतिम आकडा डिसेंबरच्या सुमारास येतो. ज्या हंगामात गावाचे अधिक क्षेत्र पेरले जाते त्यानुसार गाव खरिपाचे वा रब्बीचे मानले जाते. सोलापूर हा परंपरेने रब्बी ज्वारीचा जिल्हा आहे. मोहोळच्या संशोधन केंद्रावर निवड पद्धतीने तयार झालेले ‘मालदांडी ३५-१’ हे वाण व २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेली मंगळवेढ्याची ज्वारी ही त्याची साक्ष होय. ही ज्वारी फेब्रुवारी-मार्चमध्ये निघते. साहजिकच रब्बी गावाचा अंतिम आकडा त्यानंतरच हाती येतो. सप्टेंबर-ऑक्टोबरचा पाऊस हुकल्यानंतर चाऱ्याची व पाण्याची टंचाई हिवाळ्यातच सुरू होत असली, तरी तिचा गणिती पुरावा उन्हाळ्याच्या तोंडावर मिळतो. आकडा बिनचूक असला तरी तो उशिरा आल्यास त्याची उपयुक्तता घटते, ही सोलापूरसारख्या जिल्ह्याची विशेष अडचण आहे.

छेदाचा प्रश्न

टक्केवारीची उपयुक्तता एका काल्पनिक उदाहरणाने स्पष्ट करता येईल. पहिल्या गावात ज्वारीचे हेक्टरी प्रमाण उत्पन्न ६ क्विंटल असून प्रत्यक्षात ३.६ क्विंटल पीक आले. दुसऱ्या गावात प्रमाण उत्पन्न १० क्विंटल असून प्रत्यक्षात ४.८ क्विंटल पीक आले. केवळ क्विंटल पाहिल्यास दुसरे गाव सुस्थितीत वाटते. परंतु पहिल्याचा अपूर्णांक ०.६० म्हणजे ६० पैसे व दुसऱ्याचा ०.४८ म्हणजे ४८ पैसे येतो. हानी दुसऱ्या गावाची अधिक आहे व ती दशांशाचे टक्क्यांत रूपांतर केल्यावरच स्पष्ट होते.

परंतु प्रमाण उत्पन्न कसे ठरवावे ? पैसेवारीत ते मागील दहा वर्षांच्या सरासरीवर आधारले जाते. सातत्याने दुष्काळ सोसणाऱ्या तालुक्यात वाईट वर्षेही त्या सरासरीत मिसळतात. सोयीसाठी सातच वर्षांचे उदाहरण घेऊ. समजा, हेक्टरी उत्पन्न अनुक्रमे १०, ३, ९, ८, ४, ९ व ९ क्विंटल होते. सर्व वर्षांची सरासरी ७.४३ येते. यंदा ४ क्विंटल पीक आले तर प्रमाण ०.५४ म्हणजे ५४ पैसे ठरते व गाव सवलतीबाहेर राहते. दुष्काळाची दोन वर्षे वगळून उत्तम पाच वर्षांची सरासरी घेतल्यास ती ९ येते व तेच ४ क्विंटल पीक ०.४४ म्हणजे ४४ पैसे ठरते. शेत, पीक व मोजणी यांत कोणताही फरक नसताना केवळ छेद बदलल्याने गाव रेषेच्या अलीकडे वा पलीकडे जाते. वारंवार येणारा दुष्काळ स्वतःचेच माप खाली ओढतो, असा याचा अर्थ होतो.

दुसरी दक्षता सरासरीविषयी आहे. एका गावात ३०० हेक्टरवर २० टक्के व १०० हेक्टरवर ८० टक्के पीक आले, तर दोन टक्केवारींची सरळ सरासरी ५० येते. क्षेत्राचा भार लक्षात घेतल्यास ४०० हेक्टरवरील पीक ३५ टक्केच ठरते. बागायती पट्टा व कोरडवाहू शिवार शेजारी शेजारी असणाऱ्या गावांत हा फरक निर्णायक ठरू शकतो. उजनी धरणाच्या लाभक्षेत्रामुळे जिल्ह्यात अशी विषमता अनेक ठिकाणी आढळते.

अलीकडील बदल

इ. स. २०१५ मध्ये केंद्र सरकारने नैसर्गिक आपत्तीतील मदतीसाठी पीकहानीची किमान मर्यादा ५० टक्क्यांवरून ३३ टक्क्यांवर आणली. येथे हानी मोजली जाते व पैसेवारीत उरलेले पीक मोजले जाते, हा भेद महत्त्वाचा आहे. ६० पैसे पीक म्हणजे ४० टक्के हानी. गावाची पैसेवारी ५० च्या वर असली तरी तेवढीच हानी सोसलेला शेतकरी ३३ टक्क्यांच्या निकषात बसू शकतो. दोन टक्केवारी परस्परांच्या पूरक असतात हे न जाणल्यास दोन्ही निकष परस्परविरोधी भासतात. २०१६ च्या प्रधानमंत्री पीक विमा योजनेत उंबरठा उत्पन्न ठरविताना मागील सात वर्षांपैकी उत्तम पाच वर्षांची सरासरी आधारास घेऊन तीस जोखीमस्तराने गुणण्याची तरतूद करण्यात आली. छेदाच्या प्रश्नाची ही एक प्रकारे दखलच होय. २०१६ च्या केंद्रीय दुष्काळ व्यवस्थापन संहितेचे निकष महाराष्ट्राने २०१७ मध्ये स्वीकारले. त्यांत पर्जन्यमान, मृदेतील ओलावा, पेरणीचे क्षेत्र व उपग्रहाद्वारे मिळणारे वनस्पतींचे निर्देशांक यांचा समावेश आहे. त्यानुसार राज्यात २०१८ मध्ये १५१ व २०२३ मध्ये ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर झाला. पैसेवारी जाहीर करण्याची प्रथा मात्र चालूच राहिली.

निष्कर्ष

१) आणेवारी, पैसेवारी व टक्केवारी ही एकाच गुणोत्तराची तीन रूपे आहेत. चार आणे, ०.२५ व २५ टक्के यांत गणिती भेद नाही.
२) दशमान पद्धतीने हिशेब सुलभ झाला व निरनिराळ्या गावांची तुलना शक्य झाली, तथापि अंदाजाची जागा मोजणीने घेतल्यामुळे झालेली सुधारणा त्याहून मोलाची होती.
३) प्रिंगलची पाहणी, खेड्याचा सत्याग्रह व आजची पैसेवारी या तिन्ही ठिकाणी वादाचे मूळ आकड्याइतकेच त्याच्या आधारात, म्हणजे ‘पूर्ण’ कशास मानावे यात आढळते.
४) सोलापूरसारख्या सतत अवर्षणग्रस्त जिल्ह्यात प्रमाण उत्पन्न ठरविताना दुष्काळी वर्षे वगळणे व रब्बी गावांचा निर्णय हंगामाआधीच्या निर्देशकांवरून करणे अधिक न्याय्य ठरेल.

दशांशाचे टक्क्यांत रूपांतर करणे हे पाचवी-सहावीच्या वर्गातील गणित आहे. ते करण्यास शंभराने गुणण्यापलीकडे काही लागत नाही. परंतु त्या गुणाकारापूर्वी कोणत्या संख्येने भागले, हे गावातील प्रत्येक खातेदारास विचारता आले पाहिजे व त्याचे उत्तरही त्यास मिळाले पाहिजे. असे झाले तरच पैसेवारीच्या आकड्यावर रयतेचा विश्वास बसेल.